सहा फूट पाणी

तावोरा बेट
१२ मार्च १८८४

प्रिय टोबी,

तुझं नाताळचं पत्र परवाच्या गलबतानं आलं. तुझ्या चर्चचं छप्पर गळतंय, बिशप तुझ्यावर डाफरलाय आणि क्लाराच्या मुरंब्याला बुरशी आली, हे सगळं मी दोनदा वाचलं. इथं दुसरं वाचायला आहेच काय? या बेटावर सरकारचा माणूस म्हणून मी एकटा. मॅजिस्ट्रेट मी, पोस्टमास्तर मी, कुणाचा दात दुखला तर चिमटा घेऊन धावणाराही मीच.

रोज सकाळी माझी एकट्याची बोट नदीत लोटतो आणि तासभर वल्ही मारतो. पोट अजून सुटलेलं नाही, तुझ्यासारखं. इथल्या लोकांना त्याची भारी गंमत वाटते. ते होडीत तोंड पुढे करून बसतात, आणि आपण बसतो जायचंय तिकडे पाठ करून. त्यांनी माझं नावच ठेवलंय : उलट्या. सरकारी समन्स घेऊन गेलो तरी पोरं ओरडतात, “आला रे आला, उलट्या आला!”

आता मुद्द्याचं. नदीच्या तोंडाशी नामोका नावाचं गाव आहे आणि वरच्या अंगाला तेलाऊ. दोघांचं पिढ्यान्‌पिढ्यांचं वाकडं. दोघांकडे एकेक लांब होडी आहे, चाळीस चाळीस माणसं बसतील अशी. टोबी, काय होड्या आहेत रे! तू पाहिल्यास तर टोपी काढशील. गेल्या वर्षी धुक्यात या दोन होड्या समोरासमोर आल्या, मारामारी झाली आणि तीन माणसं मेली. गव्हर्नरसाहेबांचा हुकूम आला, दोन्ही होड्या जाळून टाका.

होड्या जाळायच्या! आणि मी? हुकूम हातात धरून मी अख्खा दिवस नुसता बसून होतो. मग मी साहेबांना लिहिलं : डिसेंबरात तुम्ही दौऱ्यावर याल तोवर थांबा. मी या दोन गावांना मारामारीऐवजी शर्यत शिकवतो. साहेब स्वतः विलायतेत आपल्याच नदीवर वल्ही मारून मोठे झालेले, पलीकडच्या कॉलेजातले. त्यांनी मुदत दिली.

नदी अरुंद आहे, दोन होड्या शेजारीशेजारी वल्हवता येत नाहीत. मग आपली कॉलेजातली शर्यत कशाला आहे? मी दोन्ही सरदारांना वाळूवर काटक्या मांडून समजावलं : एक होडी पुढे, एक मागे. तोफ उडाली की दोघांनी सुटायचं. मागचीनं पुढचीला शिवलं की ती जिंकली, आणि दुसऱ्या दिवशी तिनं पुढे उभं राहायचं. शिवाशिवीच, फक्त पाण्यातली. दोघांनी ऐकून घेतलं, एकमेकांकडे पाहिलं आणि काही बोलले नाहीत. मला वाटतं खूश झाले.

बाकी, पुढच्या होडीच्या सुकाणूवाल्यानं हात वर करून हार कबूल केली तरी शिवल्यासारखंच धरतात, हा नियम मी मुद्दामच सांगितलेला नाही. तुझ्यासारखा एखादा सुकाणूवाला निघायचा, दोन बोटींमध्ये सहा फूट पाणी शिल्लक असताना हात वर करणारा!

तुझा,
ह्यूबर्ट


स्लेडन, पाद्रीबाग
२० जून १८८४

प्रिय ह्यूबर्ट,

आलास का पुन्हा सहा फुटांवर? बारा वर्षं झाली. माणसं खून विसरतात, तू माझा हात विसरत नाहीस.

ऐक, हे मी तुला दर दोन वर्षांनी सांगतो आणि तू दर दोन वर्षांनी ऐकत नाहीस. पाणी सहा फूट नव्हतं, फार तर तीन फूट होतं. आणि मागच्या बोटीचं सुकाणू धरलेला तो गोरापान पोरगा वळणावर दोरीच सोडून बसला होता. मी मान वळवून पाहिलं, ती बोट सरळ आपल्यावर येत होती. माझ्या शेजारून घुसून तिचं टोक तुझ्या बरगडीत गेलं असतं, कारण माझ्यासमोर पहिला तूच बसला होतास. म्हणून मी हात वर केला, ते थांबले, आणि आपलं नदीवरचं पहिलं स्थान गेलं. त्या रात्रीच्या जेवणात तू माझ्याकडे मीठसुद्धा मागितलं नाहीस. शेजारच्याला सांगून मागवलंस. आठवतंय?

असो. पाद्र्यानं इतकं चिडू नये, क्लारा म्हणते.

आता तुझ्या शर्यतीबद्दल. होड्या वाचवायची तुझी धडपड वाचून मला फार बरं वाटलं. त्यांच्या नदीवर त्यांच्याच होड्या जाळायचा हुकूम आपण कोणत्या तोंडानं देतो, हा प्रश्न मी इथं रविवारच्या प्रवचनात विचारला असता तर बिशपनं छपरासकट मलाही खाली उतरवलं असतं.

पण एक गोष्ट मला खटकते. दोन्ही सरदार गप्प बसले आणि तुला वाटलं खूश झाले. ह्यूबर्ट, गप्प बसलेला माणूस खूश असतो असं तुला कुणी सांगितलं? मी तर चर्चमध्ये रोज गप्प माणसं बघतो. एका होडीनं दुसरीला शिवलं तर त्यांच्यात काय होतं, हे तू विचारलंस का? तुला आयुष्यभर पुढचं न बघता जोर लावायची सवय आहे. बघायचं काम माझं असायचं. आता तिथे मी नाही.

तुझा,
टोबी


तावोरा
२ ऑगस्ट १८८४

टोबी,

माझ्या मार्चच्या पत्राला तुझं उत्तर अजून आलेलं नाही, पण लिहिल्याशिवाय राहवत नाही. माझ्या अंगाचा नुसता तिळपापड झालाय.

काल पहिली सराव शर्यत घेतली. नामोका पुढे, तेलाऊ मागे. बंदुकीचा बार झाला आणि तेलाऊवाले असे सुटले की माझ्या डोळ्यांत पाणी आलं. चाळीस वल्ही एका दमात पाण्यात जायची, एका दमात बाहेर यायची. मी काठानं धावत होतो, ओरडत होतो. अंतर कमी झालं, आणखी कमी झालं, हातभर राहिलं. आणि काय केलं असेल त्यांनी? सगळ्यांनी वल्ही वर उचलली आणि होडी थांबवली!

मी म्हटलं, काहीतरी मोडलं असेल. क्रम उलटा केला, तेलाऊ पुढे, नामोका मागे. तेच! हातभर अंतरावर येऊन वल्ही वर. वर दोन्ही सरदार माझ्याकडे असे बघतात, जसं काही फार मोठं काम करून दाखवलं.

मी खूप बोललो, टोबी. नको ते बोललो. खोटारडे म्हटलं, भित्रे म्हटलं. नामोकाचा सरदार राओनी माझ्यासमोर उभा राहून ऐकत होता. हा माणूस कुणाच्या बापाचं ऐकत नाही, पण माझं सगळं ऐकलं आणि पाठ फिरवून गेला. आज सकाळी माझ्या दारात रोजचा मासा कुणी आणून टाकला नाही. नदीवर गेलो तर पोरंसुद्धा उलट्या म्हणून ओरडली नाहीत. दोन्ही होड्या काठावर ओढून पानांनी झाकून ठेवल्यात.

एक गोष्ट तुला आधी लिहिली नव्हती. साहेबांनी मुदत दिली ती फुकट नाही. मी लिहून दिलंय : शर्यत नीट झाली नाही, नुसता बनाव निघाला किंवा रक्त सांडलं, तर दोन्ही होड्यांना मी स्वतःच्या हातानं आग लावीन. तेव्हा वाटलं होतं, अशी वेळ येणारच नाही. एकदा शब्द दिलाय. काय करू सांग.

ह्यूबर्ट


तावोरा
२८ सप्टेंबर १८८४

प्रिय टोबी,

तुझं जूनचं पत्र तीन आठवड्यांपूर्वी हातात पडलं. एका जागी बसून वाचलं आणि तुला चार शिव्या घातल्या. मग टोपी घातली आणि लोसावाकडे गेलो.

लोसावा म्हणजे राओनीची थोरली बहीण. माहेर नामोका, सासर तेलाऊ, आता विधवा. दोन्ही गावं हिला टरकून असतात. दारात चटई टाकून ती अळूचे कंद सोलत बसली होती. मला पाहून म्हणाली, “या सरकार. शिव्या संपल्या की आणखी आणल्यात?”

मी म्हटलं, “विचारायला आलोय. एका होडीनं दुसरीला शिवलं तर काय होतं?”

तिनं सुरी खाली ठेवली. “किती महिने झाले तुझ्या शर्यतीला?”

“सहा-सात.”

“आणि आज विचारतोस? अरे, तू जातोस कुठे आणि बघतोस कुठे!”

मग तिनं सांगितलं. इथं प्रत्येक होडीला गावाच्या मूळ पुरुषाचं नाव असतं. होडी म्हणजे तोच. दुसऱ्याच्या होडीला आपल्या होडीनं शिवलं, तर होडी घेतली, म्हणजे त्यांचा आजा घेतला. मग पुढच्या होडीतल्या माणसांनी लढून मरायचं, दुसरा मार्ग नाही. गेल्या वर्षी धुक्यात कुणी कुणावर चालून गेलं नव्हतं, टोबी. फक्त एक टोक दुसऱ्याला घासलं होतं. तीन माणसं त्यात गेली. आणि मी येऊन त्यांना काटक्या मांडून तेच करायला शिकवत होतो!

मी म्हटलं, “मग हे मला सांगितलं का नाही कुणी?”

“तुला कोण सांगणार? तू सांगतोस, आम्ही ऐकतो. आमच्या माणसांनी तुझी शर्यतही केली आणि एकमेकांचा मानही राखला. हातभरावर येऊन चाळीस चाळीस माणसांची होडी थांबवणं सोपं वाटतं का तुला? त्यावर तू त्यांना भित्रे म्हणालास.”

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. मी तिथूनच राओनीकडे गेलो आणि नंतर तेलाऊच्या सरदाराकडे, केपूकडे. दोघांची माफी मागितली. राओनी म्हणाला, “बरं.” केपू म्हणाला, “बस, मासा खा.” दुसऱ्या दिवशी पोरं पुन्हा उलट्या म्हणून ओरडली, आणि खरं सांगतो, मला रडू आलं.

पण अडचण जागच्या जागी आहे. साहेबांना मी सगळं कळवलं. त्यांचं उत्तर आलं : शिवल्याशिवाय शर्यत नाही, आणि रानटी समजुतींसाठी मुदत वाढवून मिळणार नाही.

पुन्हा लोसावाकडे गेलो. म्हटलं, काही वाट आहे का? ती म्हणाली, “घेतलं तर भांडण. दिलं तर नाही. पुढच्या होडीत मानाच्या जागी जो बसतो, त्यानं आपणहून मोकळा हात वर करून दाखवला तर होडी घेतली असं होत नाही. होडीचा मान जात नाही. त्या माणसाचा मात्र जातो. जन्मभर लोक हसतात त्याला. म्हणून कुणी दाखवत नाही. माझ्या भावाला विचारून बघ, तुझ्या डोक्यात वल्हं घालील.”

मोकळा हात वर! हे वाचताना तू गालात हसत असशील, हसून घे. मी दोघा सरदारांना विचारलं. नाकावर माशी बसू न देणारी माणसं ती. केपू तर माझ्या तोंडावर उठून गेला.

डिसेंबर जवळ आलाय. एक गोष्ट मनात आहे, पण ती तुला लिहिणार नाही. लिहिली तर करवणार नाही.

तुझा,
ह्यूबर्ट


स्लेडन
१० नोव्हेंबर १८८४

प्रिय ह्यूबर्ट,

तुझं ऑगस्टचं पत्र आज आलं. हे तुला मिळेल तेव्हा जे व्हायचं ते होऊन गेलेलं असेल, तरी लिहितो.

आग लावू नकोस. शब्द दिला म्हणून नको, नोकरी जाईल म्हणून नको, कशासाठीच नको. मी तुला ओळखतो. तू त्या होड्या जाळशील, शब्दाला जागशील, बढती घेशील आणि मग उरलेल्या आयुष्यात एकदाही नदीकडे बघणार नाहीस. नोकरी गेली तर इथं ये. वरची खोली रिकामी आहे. छप्पर तिथंही गळतं, पण फक्त पलंगाच्या पायथ्याशी.

गेल्या आठवड्यात कॉलेजातल्या जुन्या मंडळींचं जेवण होतं. आपल्या बोटीतले पाच जण आले होते, जाडजूड, टकले. कुणीतरी म्हणालं, “हा बघा, सहा फूट पाणी!” सगळे हसले, मीही हसलो. घरी येताना गाडीत क्लारानं विचारलं, “इतकी वर्षं हे चालू आहे, तुम्हाला लागत नाही का?” मी म्हटलं, छे!

लागतं रे. तुला म्हणून सांगतो.

टोबी


तावोरा
१९ जानेवारी १८८५

प्रिय टोबी,

शर्यत झाली. पहिल्यापासून सांगतो.

साहेब नाताळानंतर आले. बरोबर बाईसाहेब, दोन लेफ्टनंट आणि शिपायांची तुकडी. काठावर त्यांच्यासाठी मांडव घातला होता. मांडवाशेजारी रॉकेलचे दोन डबे ठेवले होते आणि त्यांच्यावर काड्यापेटी. साहेब मला म्हणाले, “कार्वेल, मी या खेळात वाढलोय. मला बनवू नका. शिवलं पाहिजे.”

चिठ्ठी टाकली, नामोका पुढे, तेलाऊ मागे. मी राओनीला म्हटलं, “मला तुझ्या होडीत बसू दे. मानाच्या जागेवर.” त्याला वाटलं, साहेबांपुढे मला मिरवायचंय. म्हणाला, “बस की. वजन तेवढं कमी करून ये.” आजूबाजूची माणसं हसली. मीही हसलो.

मानाची जागा होडीच्या मागच्या टोकाला, सुकाणूवाल्याच्या शेजारी असते. सवयीनं मी उलटाच बसलो. म्हणजे पुढची नदी मला दिसत नव्हती, मागून येणारी तेलाऊची होडी तेवढी दिसत होती. कॉलेजात इतकी वर्षं मी असाच बसत होतो, पण तेव्हा मध्ये तू असायचास.

तोफ उडाली. तेलाऊवाले आले. केपू स्वतः पुढच्या टोकाला उभा होता. त्याचा चेहरा मला स्पष्ट दिसत होता, आणि टोबी, तो चेहरा शर्यत खेळणाऱ्याचा नव्हता. ते डबे त्यानंही पाहिले होते. नाही शिवलं तर होडी जळणार, शिवलं तर माणसं मरणार. होडी आपल्या डोळ्यांसमोर जळताना बघण्यापेक्षा त्यानं शिवायचं ठरवलं होतं. माझ्या पाठीमागे वल्ह्यांचा ताल चुकला. मी मान वळवून पाहिलं. नामोकाची माणसं एका हातानं वल्हं मारत होती आणि दुसऱ्या हातानं पायाखाली चाचपत होती. तिथं सोटे ठेवलेले होते.

मांडवातून साहेब ओरडत होते, “शाब्बास! आता शिव!” बाईसाहेब रुमाल हलवत होत्या. त्यांना केवढं छान दिसत असेल ते.

मी उभा राहिलो आणि उजवा हात वर केला, पाची बोटं पसरून.

क्षणभर काहीच झालं नाही. मग केपूनं काहीतरी आरोळी ठोकली आणि तेलाऊची चाळीस वल्ही वर गेली. त्यांची होडी आमच्या शेजारून सरकत सरकत पुढे गेली, न घासता. केपू जाताना माझ्याकडे बघत होता. कुणी सोट्याला हात लावला नाही. राओनी मला हळूच म्हणाला, “खाली बस, पडशील.”

आणि मग काठावरून लोसावा हसली. तिचं बघून सगळा काठ हसला, दोन्ही गावांचा. मी हात वर करून उभा, भिजलेला, आणि शेकडो माणसं मला हसतायत. पण एकत्र हसत होती, टोबी. तीन माणसं मेल्यापासून ती दोन गावं एकत्र काहीच करत नव्हती.

साहेब मांडवातून खाली आले. चेहरा लाल. मी म्हटलं, “नियम आपल्या नदीचा आहे, साहेब. पुढच्या बोटीनं हात वर केला की शिवल्यासारखं मोजतात. आपणच या खेळात वाढलात.” त्यांनी नदीकडे, मग डब्यांकडे पाहिलं. शेवटी म्हणाले, “मोजतात.” शिपायांनी डबे उचलले. होड्या राहिल्या.

रात्री जेवणानंतर त्यांनी मला बोलावलं आणि सुनावलं. सरकारी अधिकाऱ्यानं सगळ्यांदेखत या लोकांपुढे हात वर केला, स्वतःचं हसं करून घेतलं. अशा माणसाला इथं ठेवता येत नाही. माझी बदली झालीय मुख्य बेटावर, आतल्या डोंगरात, जमिनीच्या मोजणीच्या कचेरीत. तिथं नदी नाही. ओढासुद्धा नाही, मी विचारलं.

परवा निघतोय. माझी बोट केपूच्या पोरांना दिली. ती तिच्यात सरळ तोंड करून बसतात आणि गोल गोल फिरतात. लोसावानं भाजलेला मासा बांधून दिला. म्हणाली, “आज गावातली सगळी पोरं हात वर करून तुझी नक्कल करतायत. वाईट वाटतं का?” मी म्हटलं, नाही. ती म्हणाली, “वाटू दे थोडं. नाहीतर स्वस्तात दिल्यासारखं होईल.” मग खाली बघून म्हणाली, “माझं माहेर आणि सासर दोन्ही एका पंगतीत जेवतायत आज.”

तुझं नोव्हेंबरचं पत्र हे लिहिताना माझ्यासमोर आहे, काल आलं. वरची खोली ठेव. कधी यायला जमेल ते कळवतो. तुला लागतं हे मला माहीत होतं की नव्हतं, ते मलाच नीट सांगता येत नाही. माहीत असावं.

एवढंच, की मी हात वर केला तेव्हा त्यांची होडी आणि आमची होडी यांच्यामध्ये किती पाणी होतं, ते विचारू नकोस.

तुझा,
ह्यूबर्ट


स्लेडन
१४ एप्रिल १८८५

प्रिय ह्यूबर्ट,

पत्र वाचलं. क्लाराला वाचून दाखवायला गेलो, पण मध्येच कागद तिच्या हातात दिला. मग तिनंच पुढचं वाचलं.

पाणी किती होतं ते विचारत नाही.

खोली झाडून घेतलीय, पलंग सरकवलाय. मीठ टेबलावर माझ्या बाजूला असतं. हवं असेल तर माझ्याकडे माग.

आणि आता मी माझा हात खाली घेतो. तेरा वर्षं वर धरून दुखायला लागला होता रे.

तुझाच,
टोबी